इंग्रजी व्याकरण : नियम पाठ करायचे की वाक्य कापून बघायचं?

कातरकाम

लेक आठवीत, सेमी इंग्रजीला. परवा चाचणीचा पेपर घरी आणला. 'टेल मी व्हेअर इज द स्टेशन' या वाक्याभोवती लाल गोल आणि अर्धा मार्क कापलेला. हवं होतं 'टेल मी व्हेअर द स्टेशन इज'. वर्गात विचारलं तर उत्तर मिळालं, तसा नियम आहे. मग घरी येऊन मला विचारलं, "पण का?"

गेली २२ वर्षं मी भाषांतराची कामं करते. विम्याची कागदपत्रं, भाडेकरार, यंत्रांची माहितीपुस्तकं. हे वाक्य झोपेतही माझ्याकडून चुकणार नाही. पण 'का'ला माझ्याकडे उत्तर नव्हतं. 'कानाला बरं लागत नाही' म्हणून भागलं असतं, पण तिचा कान अजून तयार व्हायचाय. तोवर तिने काय करायचं?

एमएला असताना भाषाशास्त्राचा एक पेपर होता. तेव्हा वाक्यांची झाडं (वाक्याचे भाग फांद्यांसारखे दाखवणाऱ्या आकृत्या) काढायचा कंटाळा यायचा. त्या वह्या कुठे गेल्या देव जाणे, पण एक गोष्ट डोक्यात राहिली होती : वाक्याबद्दल काही म्हणायचं असेल तर आधी ते हलवून बघा. म्हणून कॅलेंडरचं गेल्या महिन्याचं पान फाडलं, मागच्या कोऱ्या बाजूला वाक्य लिहिलं आणि शब्दाशब्दाच्या पट्ट्या कापल्या. (इथे इंग्रजी वाक्यंही देवनागरीतच लिहितेय, म्हणजे वाचताना ऐकूही येतील. चुकीच्या वाक्याआधी × आहे.)

द | बॉय | हू | इज | सिटिंग | देअर | इज | माय | ब्रदर

तिला म्हटलं, याचा प्रश्न कर. शाळेत शिकवलेलं असतं की 'इज' उचलून पुढे आणायचं. तिने पहिलं दिसलेलं 'इज' उचललं.

× इज द बॉय हू सिटिंग देअर इज माय ब्रदर?

वाचलं आणि स्वतःच हसली. पट्टी परत जागेवर ठेवून दुसरं 'इज' उचललं. 'इज द बॉय हू इज सिटिंग देअर माय ब्रदर?' बरोबर. मी म्हटलं, आता नियम सांग. "पहिलं 'इज' नाही, दुसरं." मग मी दुसरं वाक्य दिलं : 'द बॉय इज टॉकिंग टू अ मॅन हू इज माय अंकल'. इथे पहिलंच पुढे येतं. म्हणजे मोजण्यात काही अर्थ नाही. बराच वेळ पट्ट्या सरकवल्यावर तिने 'द बॉय हू इज सिटिंग देअर' या सहा पट्ट्या एकत्र करून त्यांना रबर लावलं आणि म्हणाली, "हा सगळा मिळून एक 'ही' (इंग्रजीतला, म्हणजे 'तो') आहे. त्याच्या आतलं 'इज' हलत नाही. बाहेरचं हलतं."

माझ्या दृष्टीने धडा इथेच झाला. वाक्य मण्यांच्या माळेसारखं एकापुढे एक ओवलेलं नसतं, त्यात पुड्या असतात आणि पुड्यांच्या आत पुड्या. भाषाशास्त्रज्ञ नोम चॉम्स्कींनी गाजवलेला मुद्दा हाच. आणि १९८७ मध्ये स्टीफन क्रेन आणि मिनेहारू नाकायामा या दोघांनी तो तीन ते पाच वर्षांच्या तीस मुलांवर करून पाहिला. जबा नावाची एक बाहुली समोर ठेवली आणि सांगितलं, जबाला विचार, मिकी माऊस बघणारा मुलगा खूश आहे का. मुलं अडखळली, काहींनी 'इज' दोनदा म्हटलं, पण पुडीच्या आतलं 'इज' उपसून पुढे आणायची चूक एकानेही केली नाही. ज्यांना व्याकरण हा शब्द माहीत नाही अशी मुलं ही!

पुडी ओळखायच्या खुणा साध्या आहेत. तिच्या जागी एक छोटा शब्द बसतो का? ती अख्खी उचलून वाक्याच्या तोंडाशी नेता येते का? हे जोडीवाक्य बघा :

ही रॅन अप अ हिल.
ही रॅन अप अ बिल.

फरक फक्त 'ह' आणि 'ब'चा. पण 'अप द हिल ही रॅन' चालतं आणि × 'अप द बिल ही रॅन' चालत नाही. उलट 'ही रॅन द बिल अप' चालतं, × 'ही रॅन द हिल अप' नाही. सर्वनाम घातलं तर बिलाचं 'ही रॅन इट अप' होतं आणि टेकडीचं 'ही रॅन अप इट'. म्हणजे टेकडीच्या वाक्यात 'अप'ची सोयरीक टेकडीशी आहे, बिलाच्या वाक्यात क्रियापदाशी. कागदावर शेजारीशेजारी बसलेत म्हणून सख्खे भाऊ नव्हेत.

मराठी तर हे उघडच करून दाखवते. 'टेकडीवर धावत गेला', 'बिल करून ठेवलं'. पहिल्यात 'वर' नामाला चिकटला, दुसऱ्यात 'ठेवलं' क्रियापदाला. इंग्रजीत जे दडलेलं असतं ते मराठीत शेपटाला दिसतं. आपल्या मुलांना इंग्रजी शिकवताना मराठी बाजूला ठेवा असं सांगणाऱ्यांचं मला म्हणूनच पटत नाही.

आता मूळ 'का'. एसटीत खिडकीतून रुमाल टाकून जागा धरतात ना, तसं आहे. इंग्रजी वाक्याच्या तोंडाशी, कर्त्याच्या आधी, एक जागा असते. प्रश्न विचारताना 'इज', 'हॅड', 'विल' यांच्यापैकी कुणीतरी उठून तिथे जाऊन बसतं. पण वाक्य दुसऱ्या वाक्याच्या पोटात गेलं की तिथे 'इफ' आधीच बसलेला असतो. एका जागेवर दोघं बसत नाहीत.

इज ही कमिंग?
आय डोन्ट नो इफ ही इज कमिंग.
× आय डोन्ट नो इफ इज ही कमिंग.

आणि जागा एकच आहे याचा पक्का पुरावा : 'इफ आय हॅड नोन' म्हणता येतं, 'इफ' काढून 'हॅड आय नोन' म्हणता येतं, अर्थ तोच. × 'इफ हॅड आय नोन' मात्र कुणीच म्हणत नाही. एकतर 'इफ' बसेल नाहीतर 'हॅड'.

लेकीला हे पटलं. तुम्हाला पटतंय का बघा.

मधलीसुट्टी

वाचनखूण साठवली. हिल-बिल आजच नवऱ्यावर वापरणार आहे. आमच्याकडे दोन्ही चढतात.

पानसुपारी

ताई, छान लिहिलंय, पण जरा जमिनीवर या. मी स्पर्धा परीक्षांचा क्लास घेतो. माझ्या पोरांपुढे पन्नास प्रश्न असतात आणि घड्याळ पळत असतं. तिथे रबर लावायला वेळ नसतो. 'टू' काढा, 'नॉट ओन्ली बट ऑल्सो' वापरा, काळ बदला. बारा काळांचा तक्ता ज्याचा पाठ, त्याचे मार्क पक्के. विश्लेषण हे पोट भरलेल्यांचं काम आहे.

कातरकाम

दादा, तक्ता पाठ करू नका असं मी म्हटलेलंच नाही. पण त्यातलं 'विल'चं खानं जरा उघडून बघा. 'विल' हे 'कॅन', 'मे', 'मस्ट' यांच्याच पंगतीत बसतं. 'ही'बरोबर शेवटी 'स' लागत नाही, पुढे 'टू' लागत नाही, प्रश्नात तेच उठून पुढे जातं. 'कॅन'चं 'कुड' होतं तसं 'विल'चं 'वुड'. रूपाच्या हिशेबाने इंग्रजी क्रियापदाला काळ दोनच, चालू आणि भूत. रॉडनी हडलस्टन आणि जेफ्री पुलम यांच्या २००२ च्या जाडजूड व्याकरणातही भविष्यकाळ हा काळ धरलेलाच नाही. शिवाय 'ही विल बी ॲट होम नाऊ' यात भविष्य कुठंय? 'आता घरी असेल' असा अंदाज आहे.

शंकासुर

थांबा थांबा. शेवटचा पुरावा मागे घ्या. 'असेल' हे तर मराठीतलं अस्सल भविष्यकाळाचं रूप, प्रत्ययासकट. तेही आत्ताच्या अंदाजासाठी वापरतो आपण. मग अंदाजाला वापरलं म्हणून 'विल' भविष्यकाळ नाही, तर मराठीतही भविष्यकाळ नाही म्हणायचं का? मराठीचे व्याकरणकार मोरो केशव दामले ऐकताहेत!

कातरकाम

मागे घेतला. बरोबर आहे तुमचं. अंदाजाचा पुरावा कुठल्याच बाजूने चालत नाही. रूपाचा पुरावा मात्र उभा राहतो : मराठीत '-ईल' धातूलाच लागतो, इंग्रजीत वेगळा शब्द लागतो आणि तो शब्द 'कॅन'च्या घराण्यातला.

पानसुपारी

म्हणजे बारा काळ खोटे? पोरांना आता हे कसं सांगू?

कातरकाम

खोटे कशाला, ते तयार डबे आहेत. फक्त डबे बारा असले तरी डाळी तीन-चारच. 'विल हॅव बीन वर्किंग' घ्या. 'विल'नंतर मूळ रूप येतं. 'हॅव' पुढच्याला तिसरं रूप द्यायला लावतं. 'बी' पुढच्याला 'इंग' लावायला लावतं. प्रत्येक जण आपल्या पुढच्याचं रूप ठरवतो, स्वतःचं नाही. चॉम्स्कींनी १९५७ च्या पुस्तकात बारा खानी एका ओळीच्या सूत्रात बसवली ती अशीच. पोरांना ही ओळ कळली तर 'हॅज वेन्ट' लिहिणार नाहीत. तक्ता पाठ करूनही लिहितात की नाही, तुम्हीच सांगा.

पानसुपारी

लिहितात. दर बॅचला लिहितात. हे मात्र करून बघतो.

फळा_खडू

३१ वर्षं माध्यमिक शाळेत इंग्रजी शिकवलं, आता निवृत्त. धागा वाचून जुनी अकरावीची एसएससी आठवली. तेव्हा वाक्यपृथक्करण असायचं. लांबलचक वाक्य द्यायचे, आम्ही पट्टीने रकाने आखायचो : मुख्य वाक्य, गौण वाक्य, नामवाक्य, विशेषणवाक्य, क्रियाविशेषणवाक्य, जोडणारा शब्द. नंतर अभ्यासक्रमातून ते गेलं आणि कुणाला वाईटही वाटलं नाही. आता विचार करतो तर त्यात काय खटकत होतं ते कळतं. आम्ही नावं द्यायला शिकलो, पण नाव बरोबर आहे हे तपासायचं कसं, ते कुणी सांगितलंच नाही. मास्तर म्हणाले नामवाक्य, तर नामवाक्य. कातरकामताईंनी 'हा सगळा मिळून एक ही आहे' हे जे लेकीकडून काढून घेतलं, ती तपासणी आमच्याकडे नव्हती.

एक मात्र सांगतो. मराठी मुलांची सगळ्यात घट्ट चूक तुमच्या लेकीच्या उलटी असते : 'व्हेअर यू आर गोइंग?' कारण आपल्याकडे प्रश्न विचारताना कुणी उठून कुठे जातच नाही. 'तू घरी जातोयस', 'तू कुठे जातोयस'. घरीच्या जागी कुठे, संपलं. मग मास्तर ओरडतात, 'आर' पुढे आण! पोर इतकं घाबरतं की नंतर जिथे आणायचं नाही तिथेही आणतं. तुमच्या लेकीचा अर्धा मार्क म्हणजे आधीचा धडा जरा जास्तच चांगला शिकल्याचा दंड.

झब्बू

मीही भाषांतरवालाच. माझी आवडती जोडी :

ही इज ईगर टू प्लीज.
ही इज ईझी टू प्लीज.

साचा डिट्टो तोच. पण पहिल्यात 'तो' खूश करणारा, दुसऱ्यात खूश होणारा. मराठी करायला बसलं की वाक्यं आपोआप फुटून दोन वाटांना लागतात : 'तो खूश करायला उतावीळ आहे', 'त्याला खूश करणं सोपं आहे'. 'तो'चा 'त्याला' झाला की कळतं हा खरा कर्ता नव्हता. हीही चॉम्स्कींचीच जोडी, फक्त त्यांच्या वाक्यात जॉन होता.

अवांतर : लांब इंग्रजी वाक्य समोर आलं की मी शेवटापासून सुरुवात करतो. गुरूने शिकवलेली युक्ती, कारण कधी विचारलं नाही.

कातरकाम

झब्बू, तुमच्या युक्तीचं कारण माझ्याकडे आहे. ही दोन एकाखाली एक ठेवा :

मुंबईला जाणाऱ्या गाडीत चढलेल्या माणसाची पिशवी
द बॅग ऑफ द मॅन हू गॉट ऑन द ट्रेन दॅट गोज टू मुंबई

मराठी : मुंबई, ला, जाणाऱ्या, गाडी, त, चढलेल्या, माणसा, ची, पिशवी. इंग्रजी शेवटाकडून वाचा : मुंबई, टू, गोज, ट्रेन, ऑन, गॉट, मॅन, ऑफ, बॅग. मधले 'द', 'हू', 'दॅट' सोडले तर आरशात धरल्यासारखं. अगदी 'ला', 'त', 'ची' हेही उलटून 'टू', 'ऑन', 'ऑफ'वर पडतात. क्रियापदांतही तेच : 'विल हॅव गॉन' आणि 'गेला असेल'. इंग्रजीत 'गॉन' शेवटी, आपल्याकडे 'गेला' आधी.

जोसेफ ग्रीनबर्ग यांनी १९६३ मध्ये ३० भाषा शेजारी ठेवून बघितल्या तर हे योगायोगाने होत नाही असं दिसलं. ज्या भाषेत क्रियापद कर्माच्या मागे येतं, तिथे 'वर', 'खाली', 'साठी' हेही बहुतेक वेळा नामाच्या मागेच येतात. म्हणजे पुडीचा म्होरक्या (तिच्यातला मुख्य शब्द) कुठल्या टोकाला बसणार हे भाषा जवळजवळ एकदाच ठरवते. इंग्रजी म्होरक्याला पुढे बसवते, मराठी मागे. मला हे विशीत कुणी सांगितलं असतं तर भाडेकरारांवरचे कितीतरी तास वाचले असते.

शंकासुर

आरसा आवडला. पण मूळ धाग्यातल्या रुमालाकडे परत येऊ, कारण तिथे ताई हळूच सटकल्यात. 'इफ'ची गोष्ट कबूल. 'इफ' बसला, 'इज'ला जागा नाही. पण लेकीच्या वाक्यात 'इफ' कुठंय? 'टेल मी व्हेअर द स्टेशन इज'. तुम्ही म्हणाल 'व्हेअर'ने जागा अडवली. मग 'व्हेअर इज द स्टेशन?' या साध्या प्रश्नात 'व्हेअर' आणि 'इज' दोघंही तोंडाशी कसे बसले? तिथे गर्दी होत नाही आणि इथे होते? लेक लहान आहे म्हणून पटलं तिला.

कातरकाम

बसला बाण. रात्री यावरच विचार करत पडले होते.

उत्तर असं दिसतंय की तोंडाशी जागा दोन आहेत. एक 'व्हेअर', 'व्हेन', 'हू' यांची, खिडकीजवळची. तिच्या शेजारी दुसरी, जिच्यावरून 'इफ' आणि 'इज'ची भांडणं होतात. साध्या प्रश्नात 'व्हेअर' खिडकीत, शेजारी 'इज'. पोटातल्या प्रश्नात 'व्हेअर' खिडकीत, आणि शेजारच्या जागेवर 'इफ'सारखाच एक जोडशब्द आहे, फक्त तो उच्चारला जात नाही.

शंकासुर

वा! न दिसणारा रुमाल! माझ्याकडेही न दिसणारे पाच लाख आहेत, घर द्या.

अष्टाध्यायी_अर्धी

शंकासुरराव, न दिसणाऱ्याला हसू नका, आपल्याकडे त्याचं सूत्र आहे. 'अदर्शनं लोपः', म्हणजे न दिसणं हा लोप; पाणिनीच्या अष्टाध्यायीतल्या पहिल्या अध्यायाचा पहिला पाद, साठावं सूत्र. प्रत्यय लागतो, त्याचा लोप होतो, पण तो लागला होता हे धरूनच पुढचं काम चालतं. इंग्रजीतही 'वन शीप, टू शीप' यात अनेकवचनाचा प्रत्यय आहे, ऐकू येत नाही इतकंच. नाहीतर 'टू शीप आर' कसं म्हणाल? गेल्या शतकातल्या अमेरिकी भाषाशास्त्रज्ञांना पाणिनी मोठा वाटला तो उगीच नाही. लेनर्ड ब्लूमफील्डसारखा माणूस त्याच्यापुढे नतमस्तक होता.

(नाव बघून ओळखलं असेलच, चौथ्या अध्यायावर सोडून दिलंय.)

शंकासुर

सूत्र मान्य, पण टीकाकार काय म्हणतात तेही सांगा. लोप कशाचा? ज्याची तिथे येण्याची पाळी होती त्याचा. कधी आलाच नाही त्याचा लोप कसला? 'शीप'च्या जागी 'डॉग्ज' ठेवलं की प्रत्यय दिसतो. तसा तुमचा रुमाल कुठेतरी, कधीतरी दाखवा. एकदा दिसू दे. मग मी जागा सोडतो.

झब्बू

पॉपकॉर्न घेऊन बसलोय.

दरम्यान, न ऐकू येणाऱ्याचा एक पुरावा माझ्याकडूनही. बोलण्यात 'वॉन्ट टू'चं 'वॉना' होतं. 'हू डू यू वॉन्ट टू इन्व्हाइट?' याचं 'हू डू यू वॉना इन्व्हाइट?' होतं. पण 'कोण जिंकावं असं तुला वाटतं' या अर्थाचं 'हू डू यू वॉन्ट टू विन?' घ्या. त्याचं × 'हू डू यू वॉना विन?' बहुतेक इंग्रजांच्या तोंडी बसत नाही. कारण 'यू वॉन्ट राम टू विन' यात राम 'वॉन्ट' आणि 'टू'च्या मधे होता. तो 'हू' होऊन पुढे गेला तरी त्याची रिकामी खुर्ची मधे आहे, म्हणून 'वॉन्ट' आणि 'टू' एकमेकांना चिकटत नाहीत. इन्व्हाइटच्या वाक्यात खुर्ची शेवटी आहे, मधे अडथळा नाही.

शंकासुर

हे झकास आहे. पण ही खुर्ची दुसऱ्या खोलीतली. रुमाल दाखवा.

फळा_खडू

शंकासुर, दाखवतो. रात्री कपाटातून चॉसर काढला. चौदाव्या शतकाच्या शेवटाकडचं इंग्रजी, कँटरबरीच्या यात्रेकरूंच्या गोष्टी. अगदी पहिली ओळ कशी सुरू होते? 'व्हान दॅट एप्रिल...'. 'व्हेन एप्रिल' नव्हे, 'व्हेन दॅट एप्रिल'. खिडकीत 'व्हेन', शेजारच्या जागेवर 'दॅट'. आम्हाला कॉलेजात सांगितलं होतं की तो 'दॅट' वृत्तासाठी भरीला घातलाय, आणि मीही ३१ वर्षं मुलांना तेच सांगितलं. पण त्या काळच्या गद्यातही तो सापडतो, 'व्हिच दॅट' अशा जोड्यांत. वृत्ताचा काही संबंध नाही.

म्हणजे रुमाल होता. पुढे इंग्रजांनी तो उच्चारायचं सोडलं, पण जागा धरलेलीच राहिली.

शंकासुर

...

उठलो. बसा.

लगनकाठी

हा धागा उशिरा दिसला. मी बेलफास्टला असते, सहा वर्षं झाली, नर्सिंगमध्ये आहे. इथे आल्यावर पहिल्या आठवड्यात वॉर्डमधली सिनिअर मला म्हणाली, 'आस्क हिम इज ही हंग्री'. मला वाटलं घाईत बोलली असेल. पण सगळेच तसं बोलतात. 'शी वॉन्टेड टू नो वॉज आय मॅरिड', 'आय डोन्ट नो व्हेअर इज ही'. शाळेत ज्यासाठी पट्टी खाल्ली तेच वाक्य इथे आज्या-आजोबा बिनदिक्कत बोलतात.

पण ताईंचा धागा वाचल्यावर मुद्दाम कान देऊन ऐकलं, आणि दोघी-तिघींना विचारलंसुद्धा. 'आस्क हिम इज ही हंग्री' चालतं, 'आस्क हिम इफ ही इज हंग्री' चालतं. × 'आस्क हिम इफ इज ही हंग्री' म्हटलं की हसतात. म्हणजे इथल्यांनी रुमाल टाकायची सक्ती सोडलीय, पण एका जागेवर दोघं बसणार नाहीत हे इथेही आहेच. ॲलिसन हेन्री यांनी १९९५ मध्ये बेलफास्टच्या याच बोलीवर अख्खं पुस्तक लिहिलंय, इथल्या वाचनालयात मिळालं.

मधलीसुट्टी

म्हणजे अर्धा मार्क गेला तो बेलफास्टात गेला नसता!

कातरकाम

लगनकाठी, तुमचा प्रतिसाद लेकीला वाचून दाखवला. तिने तो बाईंना दाखवायचं ठरवलंय. मी म्हटलं दाखव, पण पेपरात बेलफास्ट लिहू नकोस, बोर्ड इथलं आहे. चॉसरची ओळ तिने पट्टीवर लिहून घेतली आणि 'दॅट'ला हिरवा रंग दिला.

शंकासुर

मी काल रात्री गुपचूप पट्ट्या कापल्या. (बायकोने विचारलं, बिल शोधताय का. म्हटलं, टेकडी.) मराठीत ती जागा कुठंय ते बघायचं होतं. ताईंच्या आरशाप्रमाणे ती वाक्याच्या शेपटाला हवी. आणि आहे! 'तो येतोय.' 'तो येतोय का?' इंग्रजीत प्रश्नाचं चिन्ह तोंडाशी, आपल्याकडे 'का' शेवटी. 'तो येतोय म्हणून कळलं' यातला 'म्हणून'ही आपल्या वाक्याच्या शेवटीच. 'तो कुठे जातोय ते सांग', यातला 'ते'सुद्धा.

मग एक माशी शिंकली. 'तो म्हणाला की मी येतो'. हा 'की' तोंडाशी कसा?

अष्टाध्यायी_अर्धी

तो पाहुणा आहे. फारसीतून आलेला. येताना आपल्या घरची बसायची पद्धत घेऊन आला. जुन्या आजीबाई 'येतो म्हणून म्हणाला' असंच बोलतात, 'की'वाचून त्यांचं अडत नाही.

पानसुपारी

क्लासचा अहवाल. तक्ता बाजूला ठेवून 'प्रत्येक जण पुढच्याचं रूप ठरवतो' हे फळ्यावर पट्ट्या चिकटवून दाखवलं. ४० मिनिटं गेली. 'हॅज वेन्ट' लिहिणाऱ्या सातपैकी पाच जणांनी 'हॅज गॉन' लिहिलं. दोघांनी 'हॅव गॉन' लिहिलं. प्रगती म्हणायची का?

फळा_खडू

म्हणायची. निदान आता चूक दुसऱ्या डब्यात आहे.

कातरकाम

दादा, ४० मिनिटांत पाच म्हणजे माझ्यापेक्षा चांगला वेग आहे.

शंकासुर, तुमचा प्रतिसाद वाचून लेकीने नवीनच काढलंय. दोन पट्ट्या पुढ्यात ठेवून बसलीय : 'तो येतोय का?' आणि 'तो का येतोय?' म्हणते, हा 'का' एकच आहे की दोन? एकच असेल तर मधे बसल्यावर त्याचा अर्थ कसा बदलतो? आणि दोन असतील तर 'तो का येतोय का?' का म्हणता येत नाही? मी म्हटलं, थांब, धाग्यावर विचारते. कुणाला काही सुचलं तर लिहा, मी तोवर आमटीला फोडणी घालून येते.